सात संच

६ जानेवारी २०२५, सोमवार

अंतर्गत तक्रार समितीची अध्यक्ष होऊन मला सात महिने झाले. दर तिमाहीला वर अहवाल जातो आणि दर तिमाहीला मी त्यात 'निरंक' लिहून सही ठोकते. प्राचार्य म्हणतात, "मॅडम, तुमच्या धाकानंच निरंक आहे." मला ते ऐकायला आवडायचं, खोटं कशाला बोलू. आज निरंक संपलं.

दुपारी बी.कॉम. तिसऱ्या वर्षाची भूमिका नंदनवार माझ्या केबिनमध्ये आली. मी राज्यशास्त्र शिकवते, त्यामुळे मुलगी माझ्या वर्गातली नाही. उमरेडची, रोज एस.टी.नं येणं-जाणं करणारी. हातात रुमालात गुंडाळलेला मोबाइल होता, तो तिनं टेबलावर ठेवला आणि पुन्हा हात लावला नाही.

गॅदरिंगच्या नाचाची तालीम चालू आहे. सकाळी स्टेजमागच्या खोलीत ती कपडे बदलत होती. कपाटावर कागदी फुलांचं खोकं होतं आणि खोक्यात हा फोन, चित्रीकरण चालू. तिनं तो काढला, बंद केला आणि सरळ माझ्याकडे आली. तासाभरात तिच्याच वर्गातला हर्षित "माझा फोन हरवला" म्हणत हॉलभर फिरत होता, म्हणजे चोर शोधायचेही कष्ट पडले नाहीत.

पोरगी रडली नाही. म्हणाली, "मॅडम, मले दोनच गोष्टी पाहिजेत. माझं नाव कोणाले कळू नये, आन् घरी कळू नये. बाबाले समजलं तर ते मले घरी बसवतील. सहा महिने राहिले जी फक्त."

मग विचारलं, "पोलिसांत जाऊ का?"

मी म्हटलं, पोलीस म्हणजे गावभर. इथं गोपनीयतेचा नियम आहे, कायद्यानं बांधलेला. नाव या खोलीबाहेर जाणार नाही, हा माझा शब्द. तिनं मान हलवली. ओढणीनं कपाळ पुसत गेली. मी फोन कपाटात ठेवून कुलूप लावलं आणि आवक रजिस्टरला नोंद केली.

खरं सांगायचं तर संताप झाला. पण आत कुठंतरी असंही वाटलं की आता दाखवून देऊ, काम कसं करतात ते.

७ जानेवारी, मंगळवार

हर्षितला बोलावलं. वडिलांचं नागपुरात बर्डीच्या बाजारात कपड्यांचं दुकान आहे. तोंडानं गोड, वर्गात पहिल्या बाकावर बसणारा. आधी म्हणाला चुकून राहिला, मग म्हणाला मित्रानं पैज लावली, शेवटी ढसाढसा रडला. "मॅडम, मजाक मजाक मध्ये झालं जी. कोणाला पाठवला नाही, आईची शप्पथ. पाहिला पण नाही मी." हे मात्र खरं असणार. फोन त्याच्या हातात परत गेलाच नव्हता.

त्याच्याकडून फोन उघडून घेतला. खातरजमा करायला हवी म्हणून प्राचार्य, समितीतले दोन सदस्य आणि मी अशा चौघांनी व्हिडिओ पाहिला. चार मिनिटं अकरा सेकंद. पाठमोरी आहे, कॅमेरा वरून आणि तिरका, चेहरा एकदाही दिसत नाही. कुणीही असू शकते. मी मनातल्या मनात देवाचे आभार मानले. प्राचार्य शेवटपर्यंत बघत होते, मी मध्येच मान वळवली.

पुरावा जपायला हवा म्हणून कार्यालयातल्या संगणकावरून पेनड्राइव्हमध्ये प्रत घेतली. मग माझ्यासमोर हर्षितला तो व्हिडिओ फोनमधून पुसायला लावला. पुसलेलं ज्या पेटीत पडून राहतं तिथूनही पुसायला लावला, तेवढं मला कळतं. माफीनामा लिहून घेतला आणि पोच घेऊन फोन परत दिला. कुणाची वस्तू विनाकारण अडकवून ठेवायची नाही. संगणकावरची प्रतही आठवणीनं काढली. आता जगात एकच प्रत आहे आणि ती माझ्या कपाटात आहे.

संध्याकाळी वेदिकाचा पुण्याहून फोन. नाव न घेता सांगितलं. लेक म्हणाली, "आई, तुम्ही चौघांनी तो बघितला, ते त्या मुलीला विचारलं होतंस?"

"अगं, तक्रार तिनंच दिली ना? त्यातच आलं."

"नाही आलं," म्हणाली. हल्लीच्या मुलींना प्रत्येक गोष्टीत वाद घालायचा असतो.

९ जानेवारी, गुरुवार

हर्षितचे मामा वकील आहेत. समितीपुढे वकिलाला उभं राहता येत नाही हे मी नियमावर बोट ठेवून सांगितलं, तर गृहस्थांनी भाच्याच्या सहीनं लेखी उत्तर धाडलं. माफीनामा दबावाखाली लिहून घेतला म्हणे. आणि पुढे: 'चित्रफितीतील व्यक्तीचा चेहरा दिसत नसल्याने ती तक्रारदारच आहे हे कशावरून?'

समितीपुढे ते वाचून दाखवलं. आम्ही सात जण. बाहेरच्या सदस्य म्हणून एका संस्थेच्या वयस्क बाई आहेत. त्या म्हणाल्या, "मुलीनं सांगितलं ना, पुरे की. तिचा शब्दही पुरावाच असतो." बाईंचं मन चांगलं आहे, पण फाइल मनावर चालत नाही. उद्या मामांनी वरच्या कोर्टात विचारलं तर आम्ही काय दाखवणार? एकदा हाती घेतलेलं प्रकरण कच्चं ठेवलं असं माझ्या बत्तीस वर्षांच्या नोकरीत झालेलं नाही.

तोड मलाच सुचली. व्हिडिओतली चार चित्रं कागदावर काढायची. प्रत्येकाखाली ओळ: 'वरील छायाचित्रातील व्यक्ती मीच आहे.' खाली तक्रारदाराचं नाव, वर्ग, हजेरी क्रमांक, सही. स्वयंसाक्षांकित. मामांचं तोंड कायमचं बंद.

घरी नवऱ्याला, कृष्णकांतना, सांगितलं. त्यांची सगळी हयात सरकारी हिशेब तपासण्यात गेली, त्यामुळे घरात दाद मिळते ती अशाच गोष्टींना. म्हणाले, "पक्कं काम केलंस, चारू."

१० जानेवारी, शुक्रवार

छपाई मी स्वतः केली. परीक्षा विभागातल्या रंगीत प्रिंटरवर, सगळ्यांना बाहेर काढून. व्हॉट्सॲपवर सदस्यांना पाठवा म्हणून प्राचार्यांचा आग्रह होता, तो मी साफ मोडून काढला. मोबाइलवरचं फुटतं. कागदाचं तसं नसतं, कागद मोजता येतो. चार चित्रं, सात सदस्य, सात संच. प्रत्येक पानावर वर उजव्या कोपऱ्यात लाल शाईनं संच क्रमांक घातला. फुटलंच तर कुणाकडून फुटलं ते कळावं. समितीचा शिक्काही मारला.

भूमिकाला तीनच्या तासाला बोलावलं. तिनं पहिलं पान बघितलं आणि उलटं करून ठेवलं.

"मॅडम, यात मी ओळखू येऊन नाही राहिली."

"हो, म्हणूनच सही हवी."

"मग सही काहून करू? आता कोणालेच माहीत नाही ना का हे मी हाय. सही केली तर माहीत होईल."

मी समजावलं. ओळख पटल्याशिवाय तक्रार टिकत नाही, तक्रार टिकली नाही तर तो मुलगा उद्या ताठ मानेनं वर्गात बसेल आणि पुढच्या वर्षी दुसऱ्या कुणाचा व्हिडिओ काढेल. हे कागद सात माणसांपलीकडे जाणार नाहीत. तिला म्हटलं, हवं तर पंधरा मिनिटं विचार कर, चार वाजता कार्यालय बंद होतं.

ती बसून राहिली. मग पेन मागितलं. डाव्या हाताचा पंजा पसरून चित्र झाकायची आणि खाली सही करायची. अठ्ठावीस वेळा. मध्येच एकदा पंजा सरकला तेव्हा थांबली, पुन्हा नीट झाकून घेतलं. अक्षर फार सुरेख आहे मुलीचं, मराठीत पूर्ण नाव लिहिते. मी तिला पाणी दिलं. कुणीतरी तिच्या पाठीशी उभं आहे हे तिला जाणवलं असावं.

जाताना दारात थांबली. "मॅडम, माघार घेतली तर हे कागद फाडता येतील का?"

म्हटलं, एकदा अभिलेखात आलं की फाडता येत नाही.

१४ जानेवारी, मंगळवार

संक्रांत. कॉलेजात तिळगूळ वाटला. भूमिका लांबूनच बघून गेली, जवळ आली नाही. उमरेडची गाडी सुटत असेल.

१६ जानेवारी, गुरुवार

सुनावणी झाली. सातही जणांपुढे आपापला संच. मला वाटलं होतं लोक एकदा बघून पालथा ठेवतील. एक सर मात्र चष्मा पुसून पुसून बघत होते आणि विचारत होते, "दाराला कडी होती का? मग लावली का नव्हती?" मी झापलं. बाहेरच्या बाईंनी आपला संच उघडलाच नाही, उठताना मला परत केला. त्यांचा संच क्रमांक सात. म्हटलं, बाई, तुम्ही न बघता निर्णयावर सही कशी कराल? त्या म्हणाल्या, "तशीच करीन."

भूमिकाला आत बोलावून सर्वांसमक्ष एकदा विचारावं लागलं, 'या सह्या तुमच्याच ना?' तिनं होकार दिला. टेबलाकडे बघत होती. टेबलावर सात ठिकाणी तेच पान उघडं होतं.

निर्णय एकमतानं. हर्षित दोषी, एक वर्षासाठी निलंबन. मुलगी जिंकली. मी तिला बाहेर गाठून सांगितलं. "हाव मॅडम," म्हणाली. मला वाटलं होतं हात धरेल. असू दे, दमली असेल.

१७ जानेवारी, शुक्रवार

अहवाल प्राचार्यांकडे जायचा तर सुट्या पानांनी देणं बरं दिसत नाही. त्यांना स्पायरल लागतं, वर पारदर्शक कव्हर. फाटकासमोर रोशनचं झेरॉक्सचं दुकान आहे, आमच्या सगळ्या विभागांचं काम वर्षानुवर्षं तोच करतो. अहवालाला जोडायला माझाच संच, क्रमांक एक, घेतला. बाकीचे परत घेऊन कपाटात होते, त्यांची गाठ कशाला सोडा. शिपायाच्या हाती दिलं नाही, स्वतः गेले. चित्रांची पानं वर्तमानपत्रात गुंडाळून नेली आणि रोशनला बजावलं, "वाचायचं नाही, नुसतं भोक पाडायचं." तो हसला, "मॅडम, दिवसाले हजार पानं येतात, कोण वाचून राहिलं?"

परीक्षेचे फॉर्म चालू असल्यानं पोरांची झुंबड होती. तेवढ्यात कृष्णकांतांचा फोन, सांबारवडी करायची तर कोथिंबिरीच्या किती जुड्या आणू. आत ऐकू येईना म्हणून बाहेर आले. दोन मिनिटंसुद्धा नसतील. परत आले तर स्पायरल तयार. पानं मोजून घेतली, एकही कमी नाही.

घरी वड्या छान झाल्या.

२० जानेवारी, सोमवार

अहवाल सादर. प्राचार्य म्हणाले, "फर्स्ट क्लास. इतर कॉलेजांना नमुना म्हणून दाखवावा असा." नव्वद दिवसांची मुदत असते, मी पंधरा दिवसांत संपवलं.

२२ जानेवारी, बुधवार



स्टाफरूममध्ये शिरले तर बोलणं थांबलं. ग्रंथपालबाईंनी बाजूला नेऊन त्यांचा फोन दाखवला. त्यांच्या भाच्याच्या ग्रुपवर आलं होतं. माझं पान. माझ्या समितीचा शिक्का. 'वरील छायाचित्रातील व्यक्ती मीच आहे.' आणि खाली तिचं ते सुरेख अक्षर, पूर्ण नाव, वर्ग, हजेरी क्रमांक. वर कोपऱ्यात लाल शाईत आकडा, एक.

मी म्हटलं, हा सात असेल, सातचा आकडा पुसट आला असेल. फोन डोळ्याजवळ नेला. एकच होता. मीच काढलेला.

सकाळपासून सगळ्या कॉलेजात फिरतो आहे. भूमिका आज आलेली नाही. फोन बंद.

रोशनच्या दुकानात गेले. तो देवाच्या शपथा घेतो. मशीनवर कुणी पान ठेवलं, कुणी मोबाइलनं फोटो घेतला, तिथं तेव्हा चाळीस पोरं होती. मी त्याच्यावर ओरडले, सगळी पोरं बघत होती. घरी येताना कळलं की मी कशासाठी ओरडते आहे ते तिथल्या प्रत्येकाला माहीत होतं.

२३ जानेवारी, गुरुवार

प्राचार्यांनी दार लावून घेतलं. त्यांच्यापुढे टाइप केलेलं पत्र तयार. 'समितीची सर्व कागदपत्रे मोहोरबंद असून समाजमाध्यमांवर फिरणारे पृष्ठ व त्यावरील स्वाक्षरी बनावट असल्याचे दिसते.' खाली माझं नाव, सहीची जागा रिकामी.

"मॅडम, कॉलेजची बदनामी होऊन राहिली. तुमची पण. दोन वर्षांवर रिटायरमेंट आहे."

मी म्हटलं, पण ते खरं आहे. ते म्हणाले, "बनावट म्हटलं की मुलीचंही भलंच. लोक म्हणतील, चला, ती नव्हतीच."

हे मला पटलं. खरंच पटलं, लपवत नाही. तिला नाव बाहेर यायला नको होतं, तर हे नाव परत आत घेण्यासारखंच झालं. कृष्णकांतना फोनवर विचारलं, तेही म्हणाले, सही कर. केली.

वेदिकाला सांगितलं. ती म्हणाली, "आई, तिला विचारलंस?" मी फोन ठेवला.

२५ जानेवारी, शनिवार

भूमिकाचे वडील आले होते, टी.सी. न्यायला. नाव कवडू. हातमागावर काम करतात, बोटांना रंग. कार्यालयातल्या बाबूनं माझ्याकडे पाठवलं, कारण समितीपुढे प्रकरण असलेल्या मुलीच्या अर्जावर माझी शिफारस लागते.

उभेच राहिले. बसा म्हटलं तर खुर्चीच्या कडेला बसले.

"मॅडमजी, पोरगी तीन दिसापासून जेवून नाही राहिली. तिची माय तिच्याजवळच बसून राहते. आमच्या मोहल्ल्यात सगळ्याइच्या फोनवर हाय म्हणतेत ते. मी नाही पाह्यलं. एका पोट्ट्यानं दाखवाले फोन पुढं केला, मी डोळे मिटले. बाप हाय ना मी."

मी काहीतरी बोलले. टी.सी. नेऊ नका, परीक्षा देऊ द्या, असं काहीतरी.

"नाही जी. आता नाही." मग हात जोडले. "भूमी सांगत होती, एक मॅडम होत्या म्हणे, तिले पाणी देल्लं, जवळ बसल्या. ते तुमीच ना? तुमचे लय उपकार झाले. आमच्या पोरीसाठी इतकं कोण करते?"

मी त्यांना सांगायला हवं होतं. वाक्य तोंडात तयार होतं. ते माझ्या पायाला हात लावायला वाकले तेव्हा मी मागे सरकले आणि शिफारशीवर सही करून दिली. जिन्यानं खाली जाताना कठडा धरून एक एक पायरी उतरत होते. पन्नाशीचाही नसेल तो माणूस.

 आज पहिल्यांदा स्वतःला स्पष्ट विचारलं. सहा तारखेला तो फोन माझ्या टेबलावर आला तेव्हा त्यातलं किती जणांनी पाहिलं होतं? कुणीही नाही. ना काढणाऱ्यानं, ना तिनं. तो तसाच पोलिसांकडे गेला असता तर? 

२७ जानेवारी, सोमवार

हर्षितच्या मामांचा अर्ज आला. जोडपत्र म्हणून माझं तेवीस तारखेचं पत्र. समितीच्या अध्यक्षाच म्हणतात की ओळखीची स्वाक्षरी बनावट आहे, मग तक्रारदाराची ओळख पटली कशी? मूळ फोनमध्ये तर काहीच सापडत नाही. प्राचार्यांनी निलंबनाला स्थगिती दिली. म्हणाले, "काय करणार मॅडम, तुमच्याच सहीचं पत्र आहे."

चारच्या तासाला बी.कॉम.च्या वर्गावरून गेले तर हर्षित आत होता. पहिल्या बाकावर. मला बघून उभा राहिला, "गुड आफ्टरनून मॅडम."

२८ जानेवारी, मंगळवार

रजा टाकली आणि उमरेडला गेले, एस.टी.नं. गाडीत पोरं फोन बघत हसत होती. सारखं वाटत होतं तेच बघताहेत. नसेलही.

घर सापडायला अडचण पडली नाही. नाव विचारलं की लोक आधी माझ्याकडे वरपासून खालपर्यंत बघायचे, मग हात करायचे. तिच्या आईनं, कौशल्याबाईंनी, दार उघडलं. कवडू मागावर होते. भूमिका आतल्या खोलीत खाली बसून लिहीत होती. वाळली आहे.

मी सगळं सांगितलं. छपाई, संच, स्पायरल, दोन मिनिटं, पत्र. सांगताना रडले, ते तिच्यासमोर रडायला नको होतं, कारण तिच्या आईला उठून मला पाणी द्यावं लागलं.

भूमिका म्हणाली, "मले माहीत होतं जी. लाल शाईचा एक नंबर तुमच्यासमोर होता त्या दिवशी."

"मग वडिलांना काहून सांगितलं नाहीस?" माझ्याही तोंडून काहून गेलं.

"ते तुमच्यावर भरोसा ठेवून होते. एखाद्यावर तर राहू द्या."

काल ती आईबरोबर नागपूरला सायबर पोलिसांकडे जाऊन आली आहे. तिथल्या बाईंनी तिला पहिला प्रश्न विचारला तो हाच, समितीकडे जाण्याआधी किती जणांनी बघितलं होतं. दुसरा, मूळ फोन कुठं आहे. दोन्हींची उत्तरं तिनं दिली. नव्या संहितेत चोरून चित्रण करण्याचं सत्त्याहत्तरावं कलम आहे, पण पुसलेल्या फोनमधून आता काय निघेल ते सांगता येत नाही आणि पेनड्राइव्हवरच्या नुसत्या प्रतीला तेवढं वजन नाही म्हणाल्या. आणि चित्र पसरवणं हा वेगळा विषय. तो कुठून सुरू झाला हे तक्रारीत लिहावं लागेल. परवा लेखी घेऊन बोलावलं आहे.

तिनं समोरचा कागद माझ्याकडे फिरवला. सगळं स्वच्छ अक्षरात, तारखांसह. मध्ये एके ठिकाणी जागा सोडलेली होती. 'माझ्याकडून ओळखीच्या सह्या घेऊन त्याच्या सात प्रती' आणि पुढे रिकामं.

"इथी तुमचं नाव लिहू का, मॅडम? तुमी नाही म्हणाल तर नाही लिहत. समितीनं, असं लिहते."

मी म्हटलं, "अगं, कायद्यात माझी परवानगी लागत नाही."

"माहीत हाय, लागत नाही. तरी विचारून राहिली."

पेन हातात धरून ती वाट बघत बसली. घाई केली नाही.  शेवटी म्हटलं, परवापर्यंत सांगते. "हाव, सांगा," म्हणाली आणि जागा तशीच ठेवून पुढचं लिहायला लागली.

२९ जानेवारी, बुधवार

कृष्णकांत सकाळपासून मागे लागले होते. तुझ्या हेतूत खोट नव्हती. समितीचा निर्णय सामूहिक असतो. नाव दिलंस तर गोपनीयता मोडल्याचा ठपका, चौकशी, कदाचित गुन्हा, पेन्शनपर्यंत लांबेल. मुलीला तरी त्यातून काय मिळणार? तिचं नाव काही परत झाकलं जात नाही.

यातलं काहीच खोटं नाही.  वेदिकाला फोन केला नाही, तिचं मत मला माहीत आहे.

दुपारी कॉलेजात जाऊन कपाटातून आवक रजिस्टर आणि संचवाटपाची यादी काढली. तेवीस तारखेचं पत्र खोटं आहे, पान आणि सही दोन्ही खरी आहेत, असा जबाब लिहायला बसले. पाच वेळा 'समितीने' लिहिलं आणि पाच वेळा खोडलं. सहाव्यांदा 'मी' लिहिलं. मग भराभर झालं. एकच प्रत, हातानं. परीक्षा विभागातल्या प्रिंटरकडे गेलेच नाही.

३० जानेवारी, गुरुवार

सकाळी भूमिकाला फोन लावला. म्हटलं, लिही माझं नाव. चारुशीला कृष्णकांत देवपुजारी. तिनं सावकाश लिहून घेतलं आणि पुन्हा वाचून दाखवलं.

अकरा वाजता पोलिसांकडे पोचले. भूमिका आणि कौशल्याबाई आधीच आल्या होत्या. कवडू नव्हते. आज त्यांना घरी सगळं सांगितलं म्हणे, माझ्याबद्दलही. ते मागावर जाऊन बसले आणि माग चालवला नाही. कौशल्याबाईंनी हे मला राग न करता सांगितलं. मग बाकावर थोडं सरकून जागा केली. मी त्यांच्याशेजारी बसले. सवयीनं भूमिकाच्या पाठीवर हात ठेवायला गेले आणि आवरला.

महिला उपनिरीक्षक बाहेर आल्या. तिशीच्या असतील. माझे पांढरे केस, कॉलेजची पिशवी बघून आदरानं म्हणाल्या, "बरं झालं ताई, कुणीतरी मोठं माणूस सोबत आणलं. मायलेकींना इथं एकटं बसवत नाही. तुम्ही हिच्या कोण?"

भूमिकानं माझ्याकडे पाहिलं नाही. कौशल्याबाई पदर सारखा करत होत्या.

मी उभी राहिले. म्हटलं, "मी तिच्याकडून आलेली नाही. तिच्या तक्रारीत माझं नाव आहे."

बाईंनी हातातला कागद वाचला, मग माझ्याकडे पाहिलं. आवाज चढवला नाही. समोरच्या भिंतीकडचा बाक दाखवला आणि म्हणाल्या, "मग तुम्ही तिकडे बसा."

मी पिशवी उचलून तिकडे जाऊन बसले.